जपानच्या जुन्या प्रांतांचा भिंतीवरचा नकाशा घेतला : शीट दमदार, रंग सुरेख, पण सालं कुठायत?

आधी वस्तू काय आहे ते सांगतो. जपानमधे पूर्वी जे प्रांत होते, ज्यांना ते लोक 'कुनी' म्हणतात, त्या सगळ्या प्रांतांचा भिंतीवर टांगायचा मोठा नकाशा. साधारण तीन फूट बाय चार फूट, नावं देवनागरीत आणि त्याखाली बारीक जपानी लिपीत, वर-खाली लाकडी पट्टी, सोबत आजच्या 47 प्रीफेक्चरची (म्हणजे तिकडचे आताचे सरकारी विभाग) एक पारदर्शक शीट जी नकाशावर पसरली की जुनी हद्द आणि नवी हद्द एकदम दिसते, आणि एक छोटी पुस्तिका. किंमत 1,450 रुपये, कुरिअर वेगळं. बनवणारे पुण्याकडचे आहेत, घरगुती व्यवसाय आहे, नाव मुद्दाम टाकत नाहीये कारण माणसं होतकरू आहेत आणि खाली मी बऱ्यापैकी तक्रारी लिहिल्यात, मला त्यांचं नुकसान करायचं नाही, वस्तू सुधारावी एवढीच इच्छा आहे.

मी भुसावळचा, रेल्वेतला माणूस. जपानचा नाद मला लागला तो स्टेशनांच्या नावांमुळे. तिकडचं टाइमटेबल बघितलं तर मुसाशी-कोसुगी, काझुसा-इचिनोमिया, शिनानो-ओइवाके, उगो-होंजो, इवाकी-इशिकावा अशी जोडनावं सारखी भेटतात. त्यातला पहिला शब्द म्हणजे जुन्या प्रांताचं नाव. एकाच नावाची दोन-तीन गावं असली की तिकिटाचा आणि पार्सलचा घोळ होतो, म्हणून पुढे प्रांताचं नाव लावून टाकायचं, साधी सोय. पण गंमत बघा, जपानची पहिली रेल्वे शिम्बाशी ते योकोहामा अशी 14 ऑक्टोबर 1872 ला सुरू झाली, आणि नवीन प्रीफेक्चरची व्यवस्था आली ऑगस्ट 1871 मधे. म्हणजे पहिली गाडी सुटायच्या आधीच या प्रांतांच्या हातात कारभार उरलेला नव्हता, तरी रेल्वेने ती नावं उचलली आणि आजपर्यंत बोर्डावर ठेवली. आपल्याकडे पण खान्देश नावाचा जिल्हा कुठल्याच कागदावर नाही आता, पण भुसावळहून मुंबईला जाणाऱ्या गाडीचं नाव खान्देश एक्स्प्रेसच आहे, त्यामुळे हे मला लगेच भिडलं आणि या प्रांतांचा नीट नकाशा पाहिजेच असं डोक्यात बसलं.

आता क्वालिटी. यात काही बोलायला जागा नाही, खरंच चांगली आहे. कागद नाहीये, सिंथेटिक शीट आहे, फाटत नाही, पाण्याचा थेंब पडला तरी पुसून घ्या. आपल्याकडे मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या वर जातो, माझी भिंत पश्चिमेची, दुपारनंतर तिला हात लावला तर चटका बसतो, तिथे आधीचे लॅमिनेशनवाले नकाशे सगळे कडेने वळून गेले होते, हा मात्र सपाट राहिलाय. रंग पण डोळ्याला त्रास न देणारे, शेजारच्या दोन प्रांतांना सारखा रंग कुठेही दिलेला नाही, डोंगर हलक्या सावलीने दाखवलेत त्यामुळे हद्द डोंगरावरून का गेली ते आपोआप कळतं. मोठ्या प्रांतांची नावं लांबून वाचता येतात. छोट्यांची मात्र चष्मा लावून जवळ जाऊनच, जुन्या राजधानीजवळच्या किनाई भागातले इझुमी, कावाची वगैरे तर फारच बारीक झालेत, तिथे बाजूला एक मोठा करून चौकोन द्यायला हवा होता.

सगळ्यात भारी आहे ती पारदर्शक शीट. एकच उदाहरण देतो. 2011 च्या 11 मार्चला जी त्सुनामी आली तेव्हा टीव्हीवर रिकुझेन-ताकाता या गावाचं नाव आपण सगळ्यांनी ऐकलंय, किनाऱ्यावर साधारण 70,000 पाइनची झाडं होती आणि त्यातलं एकच उभं राहिलं होतं ते गाव. आता 'रिकुझेन' हा प्रांत म्हणजे आजचं मियागी प्रीफेक्चर असं ढोबळ सगळीकडे लिहिलेलं असतं, पण ताकाता तर इवाते प्रीफेक्चरमधे आहे, मग नावात रिकुझेन कसं? शीट पसरा की उत्तर दिसतं. रिकुझेनचा केसेन नावाचा उत्तरेकडचा तालुका नव्या वाटणीत इवातेकडे गेला, त्या तालुक्यातलं हे गाव. हे असं पानभर वाचून डोक्यात शिरत नाही, शीट पसरली की एका सेकंदात शिरतं. आणि रेल्वेवाल्यांसाठी अजून एक, त्या भागातले रूळ त्सुनामीत गेले ते परत टाकलेच नाहीत, 2013 पासून तिथे बस धावते, पण स्टेशनचं नाव अजून रिकुझेन-ताकाताच आहे. प्रांत गेला, रूळ गेले, नाव राहिलं.

इथपर्यंत मी पाचपैकी पाच स्टार द्यायला तयार होतो.

आता तक्रार, आणि ही साधी तक्रार नाहीये, माझ्या मते नकाशाचा पायाच इथे चुकलाय. नकाशावर एकही साल नाही. एकही! कुठला प्रांत कधी झाला, कधी मोडला, काहीच नाही. सगळे प्रांत एकाच वेळी शेजारी-शेजारी नांदत होते असं बघणाऱ्याला वाटतं. वर उत्तरेला बघा, 'मुत्सु' मोठ्या अक्षरात सगळ्या ईशान्य भागावर आडवं लिहिलंय, आणि त्याच्याच पोटात इवाकी, इवाशिरो, रिकुझेन, रिकुचू, आणि परत टोकाला छोटं मुत्सु. दोन मुत्सु! ज्याला माहिती नाही तो म्हणणार ही प्रिंटिंगची चूक आहे. तसं नाहीये. जुना मुत्सु हा एकच अवाढव्य प्रांत होता. 1868 च्या यादवीत उत्तरेकडचे संस्थानिक एकत्र येऊन नवीन सम्राट-सरकारच्या विरुद्ध लढले, हरले, आणि लगेच जानेवारी 1869 मधे सरकारने मुत्सुचे पाच तुकडे केले आणि शेजारच्या देवा प्रांताचे दोन, उझेन आणि उगो. अडीच वर्षं पण झाली नाहीत तोवर ऑगस्ट 1871 मधे 'हान' म्हणजे संस्थानं बरखास्त करून 'केन' म्हणजे प्रीफेक्चरं आणली. ती पण सुरुवातीला तीनशेच्या वर होती, त्याच वर्षाच्या शेवटी एकत्र करून 72 केली. म्हणजे रिकुझेन, रिकुचू ही नावं आज आपल्याला शेकडो वर्षांची जुनी वाटतात पण प्रांत म्हणून त्यांच्या वाट्याला जेमतेम अडीच वर्षं आली, आणि त्यातही कारभार संस्थानांच्या आणि आधीपासूनच्या थोड्या सरकारी केनच्या हातात, प्रांत हे मुख्यतः कागदावर. हे सगळं एका कंसातल्या सालात सांगता आलं असतं. रिकुझेन, 1869. बस्स.

आपल्याकडचं बोलायचं तर कोणी खान्देशचा नकाशा काढला आणि त्यात पूर्व खान्देश, पश्चिम खान्देश आणि नंदुरबार जिल्हा असे तिन्ही एकत्र रंगवले तर आपण खपवून घेऊ का? जुना एकच खान्देश जिल्हा होता, ठाणं धुळ्याला, तो 1906 मधे फोडून पूर्व आणि पश्चिम केला, 1960 नंतर त्यांना जळगाव आणि धुळे ही नावं आली आणि नंदुरबार तर 1 जुलै 1998 ला धुळ्यातून निघाला. प्रत्येक हद्दीला तिचं साल असतं. द्विभाषिक मुंबई राज्य नोव्हेंबर 1956 ते एप्रिल 1960, साडेतीन वर्षं टिकलं, पण ते का आणलं आणि का मोडलं हे कळल्याशिवाय महाराष्ट्र कसा झाला ते कळतच नाही. कमी टिकलेली गोष्ट म्हणून ती कमी महत्त्वाची असं नसतं, उलट राज्य चालवणाऱ्यांच्या डोक्यात काय चाललंय ते अशाच ठिकाणी उघडं पडतं. म्हणून मला हे अल्पायुषी प्रांत सगळ्यात जास्त जवळचे वाटतात, आणि नेमके तेच या नकाशात एकतर चुकीच्या पद्धतीने आलेत नाहीतर आलेच नाहीत.

न आलेल्यांमधे पहिला नंबर सुवाचा. मी नकाशा उघडल्यावर सगळ्यात आधी शिनानो प्रांतात, म्हणजे आजच्या नागानोमधे, सुवा तळ्याच्या आसपास बोट फिरवलं, तळं आहे, प्रांत नाही. पुस्तिकेत पण नाही.

सुवाबद्दल थोडं लांबण लावतो कारण मराठीत हे कुठे फारसं वाचायला मिळत नाही. 701 च्या ताइहो कायद्याने जपानमधे प्रांत, त्याखाली तालुके, त्याखाली पन्नास-पन्नास घरांची गावं अशी चौकट बसली. प्रत्येक प्रांताला राजधानीतून गव्हर्नर यायचा, त्याच्या हाताखाली अजून तीन पायऱ्यांचे अधिकारी, कचेरी, कोठार, कराचा हिशोब, सगळा पसारा. मग 710 नंतर राजधानी नारात गेल्यावर मोठे प्रांत फोडायचा सपाटा सुरू झाला. 718 मधे एचिझेनमधून नोतो काढला, काझुसामधून आवा काढला, मुत्सुमधून इवाकी आणि इवासे काढले. आणि 721 मधे शिनानोमधून सुवा. शिनानो हा डोंगराळ, पसरलेला मुलूख, एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला जायचं म्हणजे घाट चढा-उतरा, त्यामुळे दक्षिणेकडचा भाग वेगळा करण्यात अर्थ होता. तेव्हा गादीवर सम्राज्ञी गेनशो होती आणि दरबारात राजपुत्र नागाया याचं वजन होतं, कारण आधीच्याच वर्षी, 720 मधे, फुजिवारा नो फुहितो हा बडा माणूस वारला होता.

या प्रांताचं पुढे काय झालं याची सगळ्यात बोलकी नोंद 724 ची आहे. त्या वर्षी गुन्हेगारांना हद्दपार करायची ठिकाणं ठरवली, जवळची, मधली आणि लांबची. जवळची म्हणजे एचिझेन आणि आकी. लांबची म्हणजे इझु, आवा, हिताची, साडो, ओकी, तोसा. आणि मधली दोनच, सुवा आणि इयो. म्हणजे तीन वर्षांचा प्रांत, पण राजधानीच्या कागदपत्रांत तो पक्का बसलाय, शिक्षा सुनावताना त्याचं नाव घेतलं जातंय. आणि मग 731 मधे एका ओळीत, सुवा मोडून शिनानोत मिळवला. खलास. दहा वर्षं. 'शोकु निहोंगी' या 797 मधे पूर्ण झालेल्या सरकारी इतिहासात स्थापनेची एक ओळ, मोडल्याची एक ओळ, कारण दोन्हीकडे दिलेलं नाही. पुढे 927 च्या 'एंगिशिकी' नियमावलीत हद्दपारीच्या मधल्या ठिकाणांत सुवाच्या जागी शिनानो आलाय.

पण कारणाचा अंदाज आजूबाजूच्या साला-सालातून येतो आणि म्हणूनच मी सालांसाठी एवढा अडून बसलोय. 729 मधे नागायावर कटाचा आरोप ठेवून त्याला आत्महत्या करायला लावली, दोन वर्षांत सुवा गेला. 740 मधे इझुमी कावाचीत गेला, 741 मधे आवा आणि नोतो शेजारच्या प्रांतांत गेले, 743 मधे साडो एचिगोत गेला. मधे 735 ते 737 देवीच्या साथीने देश झोपला होता. म्हणजे आधी फोडायचा काळ आणि नंतर जोडायचा काळ असे दोन स्वच्छ टप्पे दिसतात, पसारा झेपेना म्हणून आवरता घेतला हे उघड आहे. आणि आता मला सगळ्यात चटका लावणारी गोष्ट. साडो 752 मधे परत प्रांत झाला. नोतो, आवा, इझुमी तिघेही 757 मधे परत झाले आणि पार एकोणिसाव्या शतकापर्यंत टिकले. सुवा परत आला नाही. 741 मधे सम्राट शोमूने प्रत्येक प्रांताला एक-एक सरकारी बौद्ध मठ बांधायचा हुकूम काढला, तोही सुवाच्या वाट्याला आला नाही कारण दहा वर्षं आधीच त्याचं खातं बंद झालं होतं. त्या मठांच्या जागा आज बाकीच्या प्रांतांत सापडतात, त्यावरून प्रांताचं ठाणं कुठे असेल ते ताडता येतं, सुवासाठी तो धागा पण नाही.

असं असताना पुस्तिकेत पहिल्याच पानावर "जपानचे 68 प्रांत प्राचीन काळापासून कायम होते" असं ठोकून दिलंय, हे मला अजिबात पटलं नाही. 66 प्रांत आणि इकी, त्सुशिमा ही दोन बेटं, असे 68 हे बरोबर, पण ते कधीपासून? 823 मधे एचिझेनमधून कागा निघाला, हा जुन्या काळातला शेवटचा नवीन प्रांत. पुढच्या वर्षी, 824 मधे, दक्षिणेकडचा ताने हा बेटांचा प्रांत ओसुमीत विलीन झाला. तिथून पुढे हजारेक वर्षं 68 हा आकडा हलला नाही. त्याच्या आधीची सव्वाशे वर्षं सगळी हलती आहेत. तानेचं पण नकाशावर नाव नाही, आणि ते बेट म्हणजे तानेगाशिमा, जिथे 1543 मधे पोर्तुगीज लोकांबरोबर बंदुका आल्या म्हणतात, तेच. 702 पासून एकशे वीस वर्षं प्रांत होता तो, त्याला तरी जागा द्यायची.

होक्काइडोचे 1869 मधे पाडलेले अकरा प्रांत मात्र सगळे आलेत, चिशिमासकट (म्हणजे कुरील बेटं). रंग पण वेगळ्या छटेत दिलाय म्हणजे बनवणाऱ्याला हे नंतरचे आहेत हे माहिती आहे, मग तीच छटा रिकुझेन-इवाकीला का दिली नाही? इवाकीचं तर अजून खास आहे, 718 चा इवाकी काही वर्षांतच मुत्सुत परत गेला होता, आणि अकराशे वर्षांनी 1869 मधे सरकारने तेच नाव परत काढलं, फक्त लिहायची चिन्हं बदलली. एकाच नावाचे दोन अल्पायुषी प्रांत. आजचं इवाकी शहर 1966 मधे झालंय. पुस्तिकेत एका ठिकाणी इवाकी आणि इवाशिरोची माहिती उलटसुलट छापलीये ते पण सांगून ठेवतो, पान उलटताना लक्षात ठेवा, आइझू हे इवाशिरोत येतं, इवाकीत नाही.

विकणाऱ्यांना मी फोन केला होता. फोन लगेच उचलला, नीट ऐकून घेतलं, वाद घातला नाही, सुवाचं सगळं व्हॉट्सअॅपवर लिहून पाठवा म्हणाले. ही सर्व्हिस मला आवडली, हल्ली पैसे घेतल्यावर ओळख दाखवत नाहीत लोक. पुढच्या छपाईत सालं टाकायचा विचार करू असं म्हणालेत, वचन दिलेलं नाही. तोपर्यंत मी आपली सोय केली, गावातल्या प्रिंटिंगवाल्याकडून छोटे पारदर्शक स्टिकर छापून घेतले, प्रत्येक प्रांताखाली साल, आणि सुवासाठी एक तुटक रेषेचा गोल, 721 ते 731. प्रिंटर एप्सनचा होता. सेको एप्सनचं मुख्य ऑफिस सुवा शहरातच आहे, 1942 मधे तिथेच ती कंपनी सुरू झाली, त्यामुळे प्रांताचं नाव त्या मशीनमधून बाहेर येताना बघून फार बरं वाटलं.

अमळनेरचा मित्र घरी आला होता, त्याने स्टिकर लावलेला नकाशा बघून पहिला प्रश्न हाच विचारला, "भाऊ, मंग हाऊ सुवा कोठे गया?" आणि पुढचा तासभर आमचं तेच चाललं. साल दिसलं की माणूस विचारतो, हे मी म्हणतोय त्याला दुसरा पुरावा नको. कॉलनीतली स्पर्धा परीक्षेची पोरं येतात ती पण आता आधी सालं वाचतात मग नावं. त्यातल्या एकीने सुवाच्या देवळाचं विचारलं म्हणून सांगतो, प्रांत गेला तरी सुवाचं देवस्थान जागचं हललं नाही, चार देवळं आहेत, आणि वाघाच्या व माकडाच्या वर्षी, म्हणजे दर सहा वर्षांनी, डोंगरातून 16 प्रचंड लाकडी ओंडके ओढत आणून देवळांच्या चारही कोपऱ्यांत उभे करतात, मागच्या वेळी 2022 ला झालं. हे पुस्तिकेत दोन ओळींत तरी हवं होतं.

घ्यावा का? माझं म्हणणं घ्या, पण शाळेच्या भिंतीसाठी घेत असाल तर सालांची पट्टी स्वतः करून लावल्याशिवाय टांगू नका, नाहीतर पोरांच्या डोक्यात कायमचं चुकीचं बसेल. पारदर्शक शीट वेगळी मिळते का ते विचारून घ्या, मला वेगळी 250 ला देतो म्हणाले आणि ती घासून लवकर खराब होते, घडी अजिबात घालायची नाही, नळीतच गुंडाळून ठेवायची. उन्हाळ्यात मागवणार असाल तर कुरिअरवाल्याला जाड पुठ्ठ्याची नळी मागा, माझी पातळ होती आणि एका टोकाला चेपून आली, नशिबाने दाब क्यूशूच्या खालच्या समुद्रावर पडलाय. तीन स्टार देतोय, सालं छापून आली तर पाच करीन आणि भुसावळच्या दोन शाळांसाठी मीच ऑर्डर देईन, तसं त्यांना कळवलंय.